घरी क्रिओल, मखरात गणपती

सीताबर्डीच्या बाजारात एकच दुकानदार एका गिऱ्हाइकाशी मराठी बोलतो, दुसऱ्याशी हिंदी. त्याने त्याचे मराठीपण काही उणे होत नाही. पण घरातूनच मराठी गेली, तर? मग मराठीपण उरते कशात?

मॉरिशसच्या मराठी लोकांपुढे हा प्रश्न खराखुरा उभा आहे. गुलामगिरी बंद होऊ लागली तेव्हा हिंदी महासागरातल्या त्या बेटावर उसाच्या मळ्यांना मजूर हवे होते. १८३४ पासून करारावर हिंदुस्थानातून माणसे नेली गेली. पुढे ती साडेचार लाखांच्या आसपास भरली. मुंबई बंदरातून कोकणातलीही कुटुंबे गेली. करार संपला, तरी पुष्कळजण तिथेच राहिले.

आज त्यांच्या वंशजांच्या घरी बहुधा क्रिओल बोलतात. फ्रेंचमधून घडलेली ही त्या बेटाची बोली. तरी दरसाल गणपती बसतो आणि त्या सणाला देशभर सरकारी सुट्टी असते. कोकणातला जाखडी नाच तिथे ‘झाकरी’ म्हणून टिकला आहे.

भाषा मात्र शाळेने उचलली. सरकारी प्राथमिक शाळांत मराठी शिकता येते. १९७० साली निघालेल्या मोका येथील महात्मा गांधी संस्थेतही मराठी शिकवतात. तोंडपाठ आरतीचा अर्थ मुलाला कळावा, हे तिथल्या शिक्षकाचे काम.

गुरुजी, कामासाठी परमुलखातून आलेल्या मजुराचे लेकरू आपल्याही वर्गात बसते. मराठी त्याला शिकवाच. पण तुझ्या घरी पाण्याला काय म्हणतात, हेही एकदा विचारा.