बाळाची कावीळ : कपाळावरचं यंत्र किती खरं?

बाळ तिसऱ्या दिवशी पिवळसर दिसू लागलं की नर्स एक छोटं यंत्र त्याच्या कपाळाला किंवा छातीच्या मधल्या हाडावर टेकवते. क्षणभर प्रकाश चमकतो आणि आकडा येतो. सुई नाही, रडणं नाही. कातडीतून परतलेल्या प्रकाशावरून बिलीरुबिनचा, म्हणजे कातडी पिवळी करणाऱ्या रक्तातल्या रंगद्रव्याचा, अंदाज बांधणारं हे तंत्र १९८०मध्ये जपानी डॉक्टरांनी मांडलं.

पण हा अंदाजच. रक्ततपासणीपेक्षा तो डेसिलिटरमागे साधारण ३ मिलिग्रॅमपर्यंत इकडेतिकडे होऊ शकतो. आकडा ९ असताना या फरकाने सहसा बिघडत नाही. १५च्या पुढे मात्र याच फरकावर उपचार ठरतात, आणि तिथेच यंत्र कमी दाखवण्याची शक्यता वाढते. म्हणून अमेरिकन बालरोगतज्ज्ञांच्या २०२२च्या सूचना सांगतात : आकडा १५ किंवा जास्त असेल, किंवा उपचाराच्या मर्यादेपासून ३च्या आत असेल, तर रक्त तपासा. सावळ्या कातडीवर आकडा अनेकदा प्रत्यक्षाहून जास्त येतो, हेही आपल्याकडे लक्षात ठेवायला हवं.

उपचारासाठी निळ्या दिव्याखाली ठेवलेल्या बाळाची तर गोष्टच वेगळी. प्रकाशाने कातडीतलं बिलीरुबिन आधी उतरतं, रक्तातलं नंतर. त्यामुळे यंत्र खोटा दिलासा देतं.

तरीही नुसत्या नजरेने पिवळेपणा जोखण्यापेक्षा हे यंत्र कितीतरी भरवशाचं. बिलीरुबिन फार चढलं तर मेंदूला कायमची इजा होऊ शकते. म्हणून डॉक्टरांनी टाचेतून रक्त घ्यायला सांगितलं, तर कृपया नको म्हणू नका.