घराच्या पाठीशी कोण?

बंगळुरूच्या होसूर रोडवर निमहान्स या मानसिक आरोग्य संस्थेचा विस्तीर्ण परिसर आहे. मुलांच्या मनाचे आजार ओळखून त्यावर उपचार करणाऱ्या देशातल्या अग्रगण्य विभागांपैकी एक तिथे आहे. केंद्र सरकारने 2020 मध्ये ‘संवाद’ हा उपक्रम तिथेच सोपवला. बालगृहांचे कर्मचारी, समुपदेशक आणि बाल कल्याण समित्यांचे सदस्य यांना आघात सोसलेल्या मुलांशी कसे वागावे, याचे शिक्षण त्यातून मिळते. आई-वडिलांविना राहणारी मुले सांभाळणाऱ्या कर्मचाऱ्याला असे जाणते गुरू लाभले, ही मोठीच गोष्ट आहे. पण तेच मूल एखाद्या कुटुंबाने घरी नेले, तर त्या घराला हे गुरू सहजासहजी भेटत नाहीत. प्रतिपालकत्वाचा, म्हणजे आपण सर्रास म्हणतो त्या फॉस्टर केअरचा, आपल्याकडचा खरा प्रश्न हाच आहे.

कायदा घराच्या बाजूने आहे. बाल न्याय कायदा 2015 च्या कलम 44 नुसार बाल कल्याण समिती मुलाला फॉस्टर कुटुंबात ठेवू शकते. अपंगत्व हक्क कायदा 2016 तर आणखी पुढे जातो. आई-वडिलांना अपंग मूल सांभाळणे जमत नसेल, तर आधी जवळचे नातेवाईक, तेही नसतील तर समाजातच कुटुंबासारखे वातावरण आणि अगदी अपवाद म्हणून निवारागृह, असा क्रम त्याने घालून दिला आहे. 2024 च्या सुधारित मार्गदर्शक तत्त्वांनी एकट्या व्यक्तीलाही फॉस्टर पालक होण्याची मुभा दिली. शिवाय पूर्वी पाच वर्षे सांभाळल्यावर दत्तकाचा मार्ग खुला होई, तो आता दोन वर्षांनीच होतो.

प्रत्यक्षात मात्र हा क्रम उलटाच चालतो. सेरेब्रल पाल्सी, ऑटिझम, फिट्स, बौद्धिक अक्षमता किंवा अत्याचाराच्या खुणा घेऊन आलेल्या मुलाला आधी बालगृहच मिळते.

केंद्र सरकारच्या मिशन वात्सल्य या बालसंरक्षण योजनेत फॉस्टर कुटुंबाला मुलामागे महिना 4000 रुपये मिळतात. महाराष्ट्रात नातेवाइकांकडे किंवा अन्य कुटुंबात राहणाऱ्या मुलासाठी असलेल्या बालसंगोपन योजनेत 2250 रुपये. त्याच मिशन वात्सल्यमध्ये बालगृहातल्या विशेष गरजांच्या मुलांसाठी विशेष शिक्षक, थेरपिस्ट आणि परिचारिकांची तरतूद आहे. म्हणजे मूल संस्थेत राहिले तर थेरपिस्ट त्याच्याकडे येतो, घरी गेले तर त्याला घेऊन थेरपिस्ट शोधत फिरावे लागते. बंगळुरूत आठवड्यातून दोनदा फिजिओथेरपी आणि एकदा स्पीच थेरपी धरली, तर हे चार हजार महिना अर्धा सरायच्या आत संपतात. मला हा अन्याय वाटतो, आणि तो सौम्य शब्दांत सांगावासा वाटत नाही.

अशा घरात काय काम असते ते जवळून पाहावे. सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलाला भरवायचे तर आधी त्याला नीट बसवावे लागते. पाठीला आधार हवा, पाय टेकलेले हवेत, हनुवटी किंचित खाली हवी. नाचणीची आंबील पातळ झाली तर ठसका लागतो, म्हणून ती दाट ठेवायची. छोटा चमचा, एक घास गिळल्याची खात्री, मगच दुसरा. एक वाटी संपायला पाऊण तास लागतो. हे दिवसातून चार वेळा. आघात सोसलेल्या मुलाचे दुखणे वेगळे. ते उशीखाली पोळी लपवते, जवळ घेतले की अंग ताठ करते, आणि सगळे सुरळीत चालले आहे असे वाटत असतानाच ताट भिरकावते. ते आपल्याला तपासून पाहत असते, हे कुणी वेळेवर समजावले नाही तर चांगल्यातली चांगली माणसेही खचतात आणि मूल परत पाठवले जाते. त्या मुलासाठी ते दुसऱ्यांदा टाकले जाणे असते.

हे जमू शकते, याचे पुरावे आहेत. रुमानियात बुखारेस्टच्या अनाथालयांतल्या 136 बालकांपैकी निम्मी फॉस्टर घरांत दिली गेली. त्यांची बुद्धी आणि माणसांची ओढ संस्थेतल्या मुलांपेक्षा चांगली वाढली. वयाच्या दोन वर्षांच्या आत घर मिळालेल्यांची सर्वांत जास्त. त्या घरांना मानधन होते आणि समाजसेवक नियमित येत असत, हे मात्र आपल्याकडे सांगायचे राहून जाते. अमेरिकेत ऑरेगनमध्ये 1983 पासून पॅट्रिशिया चेंबरलेन यांनी वागणुकीचे गंभीर प्रश्न असलेल्या मुलांसाठी प्रशिक्षित फॉस्टर पालकांची पद्धत उभी केली. रोज पालकांना फोन करून दिवस कसा गेला ते विचारायचे, आणि रात्री-अपरात्रीही मदतीला कुणीतरी हजर, हा तिचा कणा.

आपल्याकडेही अनुभव नाही असे नाही. बंगळुरूचा वात्सल्य चॅरिटेबल ट्रस्ट आणि पुण्याचे 1979 मध्ये सुरू झालेले भारतीय समाज सेवा केंद्र यांनी दत्तक जाईपर्यंत तान्ह्या बाळांना फॉस्टर आयांच्या घरी ठेवण्याचे काम केले. पाळण्यांच्या रांगेऐवजी एका आईची कूस, एवढाच त्यांचा आग्रह. हीच रीत मोठ्या, गुंतागुंतीच्या गरजांच्या मुलांपर्यंत न्यायची, तर समितीच्या आदेशाबरोबरच थेरपिस्टचे नाव, रात्रीचा फोन नंबर आणि महिन्यातून दोन दिवस आईला विसावा देणारे दुसरे घर कागदावर लिहिलेले असले पाहिजे. बंगळुरूत निमहान्स आहे, स्पॅस्टिक्स सोसायटी ऑफ कर्नाटक आहे, अपंगांसाठी 1959 पासून काम करणारी एपीडी ही संस्था आहे. माणसे आहेत; घराकडे जाणारा रस्ता आखलेला नाही.

आणि अठराव्या वर्षानंतर? अमरावती जिल्ह्यातल्या वझ्झरच्या शंकरबाबा पापळकरांनी टाकून दिलेल्या अपंग मुलांना स्वतःचे आडनाव दिले. 2024 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. अठरा पूर्ण झाल्यावरही अशा मुलांना आसरा मिळावा, यासाठी कायदा करा, ही त्यांची मागणी जुनी आहे. ती संस्थेपुरती समजली जाते, पण फॉस्टर घरातल्या सतरा वर्षांच्या मुलालाही ती तितकीच लागू पडते. त्याला उचलून अंघोळ घालणारी आई तोवर पन्नाशी ओलांडलेली असते. राष्ट्रीय न्यास कायदा 1999 नुसार जिल्हास्तरीय समिती अशा प्रौढांसाठी कायदेशीर पालक नेमू शकते, आणि ‘निरामय’ योजनेत वर्षाला एक लाखापर्यंत आरोग्य विमा मिळतो. ही कागदपत्रे मुलाच्या सतराव्या वाढदिवसालाच जिल्हा बाल संरक्षण कक्षाने हाती घ्यावीत. त्यासाठी आईला कचेऱ्यांचे उंबरठे झिजवायला लावू नये.