सातबारा शेतकऱ्याचा, माती कुणाची?

जमिनीखालचे हक्क : महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, कलम ४८. शेत खासगी असले तरी खनिज सरकारचे. विनापरवाना उत्खननाला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड. वाहन, यंत्रेही जप्त होतात.

गौण खनिज : वीटमाती, मुरूम, वाळू. भरावाची साधी माती यादीत आली ३ फेब्रुवारी २००० च्या केंद्रीय अधिसूचनेने. नुसती खोदली म्हणून नव्हे, वापर पाहून स्वामित्वधन ठरवा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये पुण्यातील बिल्डर संघटनेच्या प्रकरणात सांगितले.

ब्रास (माती, वाळू मोजण्याचे एकक) : १०० घनफूट.

पर्यावरण मंजुरी :
• २०१२ : सर्वोच्च न्यायालयाचा दीपक कुमार निकाल. ५ हेक्टरखालील खाणपट्ट्यांनाही मंजुरी हवी.
• २८ मार्च २०२० : रस्ते, पाइपलाइन अशा प्रकल्पांसाठीच्या साध्या मातीला केंद्राची सूट. लॉकडाऊनचा तो चौथा दिवस!
• २१ मार्च २०२४ : सर्वोच्च न्यायालयाकडून सूट रद्द. तोवर वाशिम जिल्ह्यातील मालेगाव, मंगरूळपीर, कारंजा तालुक्यांतून जाणाऱ्या समृद्धी महामार्गाचा नागपूर-शिर्डी टप्पा ११ डिसेंबर २०२२ लाच खुला झाला होता.

मंजुरी नको : रूढीप्रमाणे हाताने माती काढणारे कुंभार, पुरानंतर शेतात साचलेली वाळू हटवणारा शेतकरी.