भाकरीचा टाको

कणीक मळताना तिला जो ताण येतो, तो ग्लुटेनमुळे. गव्हातील प्रथिने पाण्याच्या संपर्कात आली की एकमेकांत गुंततात आणि त्यांचे एक लवचीक जाळे तयार होते. पोळी पातळ लाटता येते आणि पाव फुगतो, ती या जाळ्याचीच किमया. परंतु सीलिॲक हा विकार असलेल्या व्यक्तीच्या शरीराला हेच ग्लुटेन सोसत नाही. लहान आतड्याच्या अस्तराची हानी होते, अन्नातील लोह व कॅल्शियम अंगी लागेनासे होते, मुलांची वाढ खुंटते. गहू आणि हा विकार यांचा संबंध विलेम डिके या डच बालरोगतज्ज्ञाने १९५० साली आपल्या प्रबंधात मांडला. गहू, जव आणि राय ही धान्ये आयुष्यभर वर्ज्य करणे, हाच यावरील उपचार आहे. मात्र डॉक्टरांनी तपासण्या करण्यापूर्वीच कोणी आपल्या मनाने गहू सोडू नये. तसे केल्यास तपासणीत विकार दिसून न येण्याचा संभव असतो.

ज्या घरात असा रुग्ण आहे, तेथे बहुधा दोन स्वयंपाक होतात आणि एकाचे ताट वेगळे मांडले जाते. रुग्ण लहान मूल असेल तर पथ्यापेक्षा हे वेगळेपणच त्याला अधिक टोचते. बाजारात ग्लुटेनमुक्त पाव आणि केक मिळतात. पण ते गव्हाची नक्कल करू पाहतात आणि चवीत उणे पडतात. त्यापेक्षा ज्या पदार्थाला गहू मुळातच कधी लागला नाही, तो सर्वांनी मिळून खावा, हे अधिक शहाणपणाचे. असा एक पदार्थ मेक्सिको आणि दख्खन यांच्या मेळातून घरच्या घरी सिद्ध होतो.

मेक्सिकोचे मुख्य अन्न मका. त्याच्या पातळ भाकरीला तेथे तोर्तिया म्हणतात आणि तिच्यात सारण घालून दुमडली की टाको तयार होतो. मक्यात ग्लुटेन नाही. मग पीठ बांधले कसे जाते? तेथील लोकांनी फार प्राचीन काळी यावर उपाय शोधला. मक्याचे दाणे चुन्याच्या पाण्यात शिजवायचे, रात्रभर तसेच ठेवायचे, धुऊन सालपटे काढायची आणि मग वाटायचे. चुन्यामुळे दाण्याच्या पेशींची आवरणे विरघळून चिकट होतात आणि पीठ एकजीव होते. आपल्याकडील मक्याच्या साध्या पिठावर हा संस्कार झालेला नसल्याने त्याची तोर्तिया दुमडताच तुटते. आपल्या सुगरणींनी ज्वारीच्या बाबतीत हाच प्रश्न कढत पाण्याने सोडवला. कढत पाण्यात ज्वारीतील स्टार्च फुगून चिकट होतो आणि ग्लुटेनची उणीव भरून काढतो. पीठ जुने होऊन त्याची विरी गेली असेल, तर मात्र पाणी कितीही कढत घेतले तरी भाकरीला चिरा पडतात. म्हणून पीठ ताजेच हवे.

दोन वाट्या ज्वारीच्या पिठासाठी पावणेदोन वाट्या पाण्यात मीठ आणि चमचाभर तेल घालून उकळी आणावी. आच बंद करून पीठ घालावे, ढवळावे आणि दहा मिनिटे झाकून ठेवावे. ही उकड कोमट असतानाच भरपूर मळावी. येथे घाई करू नये, टाको दुमडताना न तुटण्याचे सारे रहस्य या मळण्यात आहे. तळहाताएवढ्या दहा-बारा भाकऱ्या थापून तव्यावर दोन्ही बाजूंनी भाजाव्यात आणि लगेच स्वच्छ फडक्यात गुंडाळून डब्यात ठेवाव्यात. वाफेने त्या मऊ राहतात.

सारणासाठी राजमा घ्यावा. तोही मूळचा अमेरिका खंडातलाच. वाटीभर राजमा रात्रभर भिजवून, पाणी बदलून कुकरमध्ये अगदी मऊ शिजवावा. तेलावर कांदा, लसूण परतून त्यात राजमा, मीठ आणि दोन चमचे गोडा मसाला घालून थोडा ठेचून घ्यावा. वर टोमॅटो, कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर आणि लिंबाची कोशिंबीर. मेक्सिकोत हिलाच पिको दे गायो म्हणतात, नावाखेरीज फारसा फरक नाही! तेथे शेंगदाणे, सुकी मिरची आणि लसूण तेलात घालून साल्सा माचा करतात. आपण सोलापुरी शेंगदाणा चटणीवर गरम तेल सोडावे. भाकरीत राजमा, त्यावर कोशिंबीर व चटणी घालून ती दुमडली की झाले.

खरी दक्षता पाककृतीबाहेर आहे. गिरणीत गव्हानंतर दळलेल्या ज्वारीच्या पिठात गव्हाचा अंश हमखास येतो. म्हणून ज्या घरघंटीत गहू कधी दळला नाही, तीत ज्वारी दळून घ्यावी. डबीतील हिंगात पुष्कळदा गव्हाचे पीठ मिसळलेले असते आणि गोड्या मसाल्यात हिंग असतोच. तेव्हा मसाला घरी, हिंगाविना करावा. तवा, परात आणि फडके ही पोळ्यांची नसावीत. भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाच्या नियमानुसार ग्लुटेनमुक्त म्हणून विकल्या जाणाऱ्या पदार्थात किलोमागे २० मिलिग्रॅमहून अधिक ग्लुटेन चालत नाही. ही मर्यादा लक्षात घेतली, तर पोळपाटावर राहिलेल्या चिमूटभर कणकेचेही महत्त्व कळते.

उरलेल्या भाकऱ्या टाकू नयेत. तव्यावर मंद आचेने त्या कुरकुरीत होऊ द्याव्यात. मेक्सिकोत अशा कडक तोर्तियेला तोस्तादा म्हणतात. सोलापूरकरांना कडक भाकरीबद्दल अधिक सांगायला नको. पूर्ण गार झाल्यावर कोरड्या डब्यात भरल्या की त्या चटणीसह प्रवासात नेता येतात, आणि स्थानकावर मुलाला काय खायला द्यावे याची विवंचना उरत नाही.