तीन दिवसांत पाच राजवटी

थोड्या दिवसांत अनेक देश पाहून यावयाचे, हा प्रवासाचा एक स्वतंत्र प्रकार आहे. युरोपच्या आग्नेय भागातील बाल्कन प्रदेशात तो विशेष रूढ झाला आहे. तेथे आठदहा दिवसांच्या एका सहलीत क्रोएशिया, बॉस्निया-हर्झेगोव्हिना, माँटेनिग्रो, सर्बिया अशी चारपाच राष्ट्रे पाहून होतात. एक मोठी बस, आरंभापासून अखेरपर्यंत सोबत करणारा एक सहलप्रमुख, आणि प्रत्येक शहरात त्या शहरापुरती माहिती सांगणारा एक स्थानिक वाटाड्या, अशी तिची सर्वसाधारण व्यवस्था असते. महाराष्ट्रातील मंडळीही आता अशा सहलींस जाऊ लागली आहेत. ही सहल म्हणजे नेमके काय, ती कशी करावी आणि तिच्यातून काय मिळवावे, ह्याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. मात्र त्यासाठी आम्ही वाचकांस फार दूर नेणार नाही. आपल्या भेस्तानच्या स्थानकावरून निघून तीन दिवसांत पुन्हा येथेच आणून सोडणार आहोत.

प्रथम बाल्कनची थोडी ओळख करून घेऊ. हा प्रदेश शतकानुशतके तुर्की साम्राज्य, ऑस्ट्रियाचे साम्राज्य आणि व्हेनिसचे प्रजासत्ताक ह्यांच्या सत्तास्पर्धेत सापडला होता. पहिल्या महायुद्धानंतर १९१८ साली त्याच्या मोठ्या भागाचे एक राज्य झाले. त्यास पुढे युगोस्लाव्हिया हे नाव मिळाले. १९९१ पासून ते राज्य मोडत गेले आणि त्याची अनेक राष्ट्रे झाली. मोठ्या प्रदेशाचे परस्परांशी भांडणारे लहान लहान तुकडे पडणे, ह्या अर्थी ‘बाल्कनीकरण’ हा शब्द त्याआधीपासूनच जगभर वापरात होता.

ह्याच्या नेमके उलट कार्य आपल्या परिसरात घडले आहे. १९४७ पूर्वी भेस्तानहून मुंबईकडे जाणारा प्रवासी काही तासांच्या अवधीत अनेक राजांच्या मुलखांजवळून जात असे. इंग्रजांचा सुरत जिल्हा, सचीनच्या नबाबाचे संस्थान, बडोद्याच्या गायकवाडांचा नवसारी प्रांत, आणि थोडे आडवळणाने गेल्यास पोर्तुगिजांचे दमण, असे ते मुलूख होते. डोंगराच्या बाजूस धरमपूर आणि वासदा ही राजपूत संस्थाने होती. त्याही आधीची सुरत मोगलांची होती. आज ह्या सर्व राजवटी लयास गेल्या आहेत. परंतु त्यांच्या खुणा जागोजाग उभ्या आहेत. त्या पाहण्यास पारपत्र लागत नाही, फक्त थोडी पूर्वतयारी लागते.

पहिला दिवस सुरत, सचीन आणि नवसारी ह्यांचा ठरवावा. सकाळी सुरतेत तापीकाठचा किल्ला पाहावा. सोळाव्या शतकाच्या मध्यास, गुजरातच्या सुलतानाच्या काळात, खुदावंदखानाने तो बांधला. पोर्तुगिजांच्या स्वाऱ्यांपासून शहराचे रक्षण करणे हा त्याचा हेतू होता. तेथून कतारगाम दरवाज्याकडील इंग्रज आणि डच दफनभूमी पाहाव्या. ह्या जागी प्रथमदर्शनीच आश्चर्य वाटते. युरोपातून आलेले हे व्यापारी ख्रिस्ती खरे, पण त्यांच्या समाध्यांवर घुमट आहेत, कमानी आहेत. जणू एखाद्या सुलतानाची कबरच. परक्या भूमीत आपला मोठेपणा दाखवावयाचा तर तेथील लोकांस कळेल अशाच रूपात तो दाखवावा लागतो, हे त्यांनी ओळखले होते. डचांच्या भागात हेंड्रिक व्हान रेडे ह्याची समाधी आहे. तो १६९१ साली निधन पावला. मलबारच्या वनस्पतींवरील ‘हॉर्टस मलबारिकस’ हा थोर ग्रंथ त्यानेच सिद्ध करविला.

इंग्रजांच्या भागात जॉर्ज ऑक्झेंडन ह्याची समाधी आहे. येथे मराठी शाळेतील विद्यार्थ्याने अंमळ थांबावे. १६६४ च्या जानेवारीत शिवाजी महाराजांनी सुरतेवर स्वारी केली, तेव्हा हाच ऑक्झेंडन इंग्रजांच्या वखारीचा प्रमुख होता. समाधीजवळचा वाटाड्या त्याने वखार कशी राखली हे सांगेल. किल्ल्यावरचा वाटाड्या मोगल सुभेदार इनायतखान किल्ल्यात कसा दडून बसला आणि शहराचे केवढे नुकसान झाले हे सांगेल. आपले इतिहासाचे पुस्तक सांगते की, शायिस्ताखानाने तीन वर्षे स्वराज्याचा मुलूख उजाड केला होता आणि ती हानी भरून काढणे राज्याच्या अस्तित्वासाठी अपरिहार्य होते. ही तिन्ही निवेदने त्याच मोजक्या दिवसांविषयी आहेत. तीत कोणते खरे आणि कोणते खोटे, असा प्रश्न घाईने विचारू नये. प्रत्येक जण कोठे उभा राहून पाहत आहे, हे आधी विचारावे. अनेक राज्यांच्या सहलीचे मर्म आमच्या मते येथे आहे. एकाच राज्यात हिंडणाऱ्यास एकच कथा ऐकावयास मिळते. सीमा ओलांडणाऱ्यास त्याच कथेची दुसरी बाजू कळते.

दुपारी सचीन गाठावे. भेस्तानहून मुंबईच्या दिशेने हे पुढचेच स्थानक. मुरूड-जंजिऱ्याचा अजिंक्य जलदुर्ग आणि त्याचे सिद्दी आपणांस ठाऊक आहेत. आफ्रिकेतून आलेल्या त्या सिद्दी घराण्यातील एका वारसास, बाळूमियास, जंजिऱ्यावरील हक्क सोडण्याच्या मोबदल्यात पेशव्यांनी १७९१ साली सुरतेजवळचा हा मुलूख दिला. मौज अशी की, पेशव्यांच्या हाती जंजिरा तर कधीच आला नाही. बाळूमियाचे सचीन संस्थान मात्र १९४८ साली विलीन होईपर्यंत टिकले. आज सचीन म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर कारखाने आणि कामगारांच्या पाळ्या येतात. त्या गावाचा धागा कोकणच्या समुद्रातील किल्ल्याशी जुळलेला आहे, हे नित्य तेथे जाणाऱ्यांपैकी किती जणांस माहीत असेल?

सायंकाळी नवसारी पाहावी. पारशी लोकांच्या धर्मजीवनात ह्या गावाचे स्थान फार मोठे आहे. येथील आतशबेहराम १७६५ साली स्थापन झाले. इतर धर्मीयांस त्यात प्रवेश नसतो. तेव्हा बाहेरूनच नमस्कार करावा आणि आत जाण्याचा आग्रह धरू नये. परक्याच्या घरी कोठवर जावे हे जाणणे, हाही प्रवासातील एक धडाच आहे. १८७२ साली स्थापन झालेल्या मेहरजीराणा ग्रंथालयात अवेस्ता, पहलवी आणि फारसी भाषांतील जुनी हस्तलिखिते जतन केलेली आहेत. जमशेटजी टाटा ह्यांचा जन्म १८३९ साली ह्याच गावी झाला. आणि हे गाव ज्यांच्या राज्यात होते ते सयाजीराव गायकवाड मूळचे नाशिककडील कवळाणे गावच्या एका शेतकरी कुटुंबातले. त्यांनी १९०६ साली आपल्या राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले. मराठी राजा, गुजराती प्रजा आणि पारशी विद्वान अशी ही सांगड होती.

दुसऱ्या दिवशी पहाटेच्या गाडीने वापीस उतरावे. तेथून दमण जवळच आहे. १५५९ साली पोर्तुगिजांनी ते घेतले आणि १९ डिसेंबर १९६१ रोजी ते मुक्त झाले; म्हणजे चारशे वर्षांहून अधिक काळ तेथे परकी सत्ता होती. दमणगंगेच्या एका तीरास नानी दमण, तर दुसऱ्या तीरास मोटी दमण. मोटी दमणच्या तटबंदीत बॉम जेझूसचे जुने चर्च आहे. काही घरांतून आजही पोर्तुगीज भाषेपासून घडलेली एक खास बोली बोलली जाते. सीमा मात्र येथून पुरती गेलेली नाही. गुजरातेत दारूबंदी असल्यामुळे दमणहून परतणाऱ्या गाड्यांची वेशीवर तपासणी होते.

दुपारनंतर दादरा आणि नगर हवेलीकडे वळावे. हा मुलूख पोर्तुगिजांकडे कसा गेला, हे ऐकण्यासारखे आहे. मराठ्यांच्या आरमाराने ‘सांताना’ नावाच्या पोर्तुगीज जहाजाचे नुकसान केले होते. त्याची भरपाई म्हणून १७७९ च्या तहास अनुसरून पेशव्यांनी नगर हवेलीचा महसूल पोर्तुगिजांस दिला. १७८३ साली तो मुलूख त्यांच्याकडे गेला. बाल्कनमध्येही अगदी असेच एक उदाहरण आहे. डुब्रोवनिकच्या प्रजासत्ताकाने १६९९ च्या सुमारास व्हेनिसच्या भयाने समुद्राकाठची एक चिंचोळी पट्टी तुर्कांस दिली. ती आज बॉस्नियाकडे असून तेथे न्यूम हे गाव आहे. त्या एका पट्टीमुळे क्रोएशियाच्या किनाऱ्याचे दोन तुकडे झाले, आणि २०२२ साली पेल्येशात्सचा पूल खुला होईपर्यंत क्रोएशियाच्या माणसास आपल्याच देशाच्या दुसऱ्या भागात खुष्कीच्या मार्गाने जाताना परदेश ओलांडावा लागत असे. कागदावरील एक ओळ शतकांनंतरच्या माणसांची वाट अडवते ती अशी.

१९५४ साली दादरा व नगर हवेली मुक्त झाली. त्या लढ्यातील स्वयंसेवकांत संगीतकार सुधीर फडके होते, बाबासाहेब पुरंदरेही होते. मधल्या भारतीय भूमीतून जाण्याचा हक्क मागत पोर्तुगाल हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेले. १९६० च्या निकालात न्यायालयाने म्हटले की, खाजगी माणसे, मुलकी अधिकारी आणि माल ह्यांच्यापुरता तसा हक्क होता, सैन्यास मात्र नव्हता. आणि भारताने आपल्या कर्तव्याचा भंग केलेला नाही. १९५४ ते १९६१ पर्यंत हा चिमुकला मुलूख आपला कारभार आपणच पाहत होता. विलीनीकरणाच्या करारावर सही करावयास अधिकारी हवा, म्हणून के. जी. बदलानी ह्या सनदी अधिकाऱ्यास तेथील पंतप्रधान नेमण्यात आले आणि ११ ऑगस्ट १९६१ रोजी विलीनीकरण झाले. येथील वारली लोक पालघर आणि वलसाड जिल्ह्यांतही राहतात. त्यांचे नाच, त्यांची चित्रे, त्यांची नागलीची भाकर ह्यांनी कोणतीच सीमा कधी जुमानली नाही.

तिसरा दिवस तापीकाठच्या रेल्वेचा. ह्याच मार्गाने जळगाव, धुळे, नंदुरबार भागांतील सहस्रावधी कुटुंबे मागांवर आणि रंगाईच्या कारखान्यांत कामासाठी उधना, लिंबायत, पांडेसरा, भेस्तान ह्या वस्त्यांत आली. आपल्यापैकी पुष्कळांचे आजोळ ह्याच मार्गावर आहे. वाटेत सोनगडचा किल्ला लागतो. १७१९ च्या सुमारास पिलाजीराव गायकवाडांनी तो घेतला, आणि बडोद्याच्या राज्याचा पाया येथे घातला गेला. पुढे नवापूर. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र आणि गुजरात ही दोन राज्ये झाली, त्यांची सीमा ह्या स्थानकातूनच जाते. फलाटावरील एका बाकाचा अर्धा भाग एका राज्यात आणि अर्धा दुसऱ्या राज्यात आहे. गाड्यांची सूचना मराठी, गुजराती, हिंदी आणि इंग्रजी अशा चार भाषांत दिली जाते.

त्या बाकावर घटकाभर बसावे. आपण गुजरातेत राहून मराठीत शिकतो. गावी गेलो की आपणांस सुरतेचे म्हणतात आणि सुरतेत महाराष्ट्राचे. पुष्कळ मुलांस ह्याचा संकोच वाटतो. परंतु ह्या तीन दिवसांत आपण काय पाहिले? कवळाण्याचा मुलगा नवसारीचा राजा झाला, जंजिऱ्याचा सिद्दी सचीनचा नबाब झाला, इराणातून आलेले पारशी नवसारीकर झाले. दोन्ही बाजू ठाऊक असणे ही काही उणीव नव्हे.

बाल्कनमध्ये हेच ज्ञान दुर्मिळ झाले तेव्हा काय घडले, ह्याची साक्ष मोस्तार शहर देते. तेथे तुर्कांच्या काळात, १५६६ साली, नेरेत्वा नदीवर एक सुंदर दगडी कमानीचा पूल बांधला गेला. त्याने चारशेहून अधिक वर्षे दोन्ही तीरांच्या लोकांस एकत्र ठेवले. १९९३ च्या नोव्हेंबरात क्रोएट सैन्याच्या तोफांनी तो पाडला. २००४ साली तो जुन्याच पद्धतीने पुन्हा बांधून खुला झाला. आज प्रत्येक सहल तेथे थांबते. दगड पुन्हा रचता आले. दोन तीरांतील विश्वास पुन्हा रचण्यास मात्र अधिक काळ लागतो.

आता तयारीविषयी थोडे. निघण्यापूर्वी जुना आणि नवा असे दोन नकाशे शेजारी ठेवून पाहावे. एक वही करून तिच्या प्रत्येक पानावर तीन रकाने आखावेत: आपण काय पाहिले, वाटाड्याने काय सांगितले, आणि सीमेपलीकडचा माणूस ह्यावर काय म्हणेल. शक्य तेथे त्या त्या गावचाच वाटाड्या घ्यावा आणि त्यास निदान एक प्रश्न तरी विचारावा. स्थळे थोडी निवडावीत. घाईने दहा ठिकाणी हिंडण्यापेक्षा तीन ठिकाणी स्वस्थपणे उभे राहणे हिताचे. अल्पकाळच्या सहलीत कोणताही देश पूर्णपणे कळत नाही. तिने पुढच्या वाचनाची आणि पुढच्या फेरीची इच्छा उत्पन्न केली, म्हणजे तिचे काम झाले.

दिवाळीच्या सुट्टीनंतर हवा निवळते. चारसहा विद्यार्थ्यांनी मिळून, घरच्या वडीलधाऱ्यांस बरोबर घेऊन, ह्या फेरीचा बेत अवश्य करावा. वहीतील तिसरा रकाना कोणी मनापासून भरला, तर पुढील वर्षीच्या अंकात त्याचे लेखन वाचावयास आम्हांस आनंद वाटेल.