वाटाणा, आगकाड्या आणि धानाचे पऱ्हे

झाडीपट्टीत खेळ उभा करायचा तर माणसं लागतात. वडशाची नाटक कंपनी, पेटी-तबला, मंडईच्या जत्रेला रात्र जागवणारं गाव. एकट्याने काही करून दाखवता येतं, यावर आमच्या नागभीडकडे कुणाचा चटकन विश्वास बसत नाही. दादासाहेब फाळक्यांचा पहिला प्रयोग मात्र असाच होता, आणि त्यात नटही नव्हता.

1911 साली मुंबईत त्यांनी ख्रिस्तावरचा चित्रपट पाहिला आणि ते झपाटले. 1912च्या फेब्रुवारीत लंडन गाठलं, सेसिल हेपवर्थच्या स्टुडिओतलं काम पाहिलं, विल्यमसन कॅमेरा घेतला. यंत्र आलं, पण चित्रपटाला पैसा कोण देणार? तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर त्याची वाढ टिपली. ‘अंकुराची वाढ’ जेमतेम मिनिटभराचा झाला.

रोज एकच चौकट टिपली, असं सांगितलं जातं. मला ते पटत नाही. तेव्हाच्या मूकपटाला सेकंदाला साधारण 16 चौकटी लागत. महिन्याच्या 30 चौकटी दोन सेकंदांत संपतील. मिनिटभरासाठी साडेनऊशेच्या वर हव्यात, म्हणजे दिवसाला तीसेक. दंतकथेपेक्षा खरं काम कितीतरी किचकट असणार! इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथने 1910 साली उमलती फुलं अशीच दाखवली होती. पण त्याला कर्ज काढण्यासाठी फुलं उमलवायची नव्हती. फाळक्यांचा वाटाणा पाहून मात्र भांडवलाची वाट मोकळी झाली, आणि 3 मे 1913 रोजी कोरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला.

तोवर एकटेपण संपलं होतं. कोऱ्या फिल्मच्या काठाला भोकं पाडायला सरस्वतीबाई बसत. तरी 1915 साली फाळके पुन्हा टेबलाशी वळले आणि ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्या नाचवल्या. पौराणिकपटांच्या गौरवात हे छोटे प्रयोग आपण फार लवकर बाजूला टाकले.

आज कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे आणि आमच्याकडे वाटाण्याऐवजी धान. यंदा मृगात पऱ्हे टाकाल तेव्हा बांधीच्या धुऱ्यावर फोन पक्का बांधा, वर प्लास्टिक घाला. दिवसाउजेडी 12 तास, दर अर्ध्या तासाला एक फोटो. रोवणीपर्यंतच्या 25 दिवसांत 600 होतील. सेकंदाला 24 धरले तर 25 सेकंदांचा चित्रपट. फोन तेवढा जुना घ्या, कारण रोवणीपर्यंत तो जागचा हलवता येणार नाही.