‘विदाउट प्रेज्युडिस’ : एका कायदेशीर शब्दप्रयोगाचा अर्थ व उपयोग

प्रस्तावना :
भारतातील उच्च न्यायालयांच्या कामकाजाची भाषा प्रामुख्याने इंग्रजी असल्याने इंग्रजी कायद्यातील काही शब्दप्रयोग सामान्य माणसाच्या पत्रव्यवहारातही रूढ झाले आहेत. पत्राच्या माथ्यावर लिहिला जाणारा ‘विदाउट प्रेज्युडिस’ हा त्यांपैकीच एक होय. तो एखाद्या मंत्राप्रमाणे लिहिला जातो. मात्र त्याचा नेमका परिणाम क्वचितच विचारात घेतला जातो. प्रस्तुत लेखात त्याच्या प्रमुख उपयोगांचा परामर्श घेतला आहे.

शब्दार्थ :
‘प्रेज्युडिस’ या शब्दाचे मूळ लॅटिन भाषेत असून ‘आधीच केलेला निवाडा’ असा त्याचा व्युत्पत्त्यर्थ आहे. दैनंदिन इंग्रजीत त्यास ‘पूर्वग्रह’ हा अर्थ प्राप्त झाला, तर कायद्यात ‘हक्कास पोहोचणारी बाधा’ हा अर्थ स्थिरावला. म्हणून ‘पूर्वग्रह न ठेवता’ हे भाषांतर सदोष ठरते. मराठी अधिनियमांतील ‘बाध न येता’ हा पर्याय अधिक अचूक आहे.

तडजोडीचा पत्रव्यवहार :
पाच लाखांच्या दाव्यात प्रतिवादीने तीन लाख देऊ केले आणि बोलणी फिसकटली, तर ‘तीन लाखांचे देणे मान्य होते’ असा पुरावा त्याच्याविरुद्ध उभा राहू नये, हा येथील हेतू असतो. ‘वॉकर विरुद्ध विल्शर’ (१८८९) या इंग्लंडमधील खटल्यात स्पष्ट झाले की, प्रस्ताव स्वीकारला गेल्यास मात्र पूर्ण करार सिद्ध होतो. भारतात हे तत्त्व दिवाणी प्रकरणांपुरते १८७२ च्या पुरावा अधिनियमाच्या कलम २३ मध्ये होते. १ जुलै २०२४ पासून ते भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम २१ मध्ये आहे. विशेष म्हणजे या कलमात ‘विदाउट प्रेज्युडिस’ हे शब्दच नाहीत. पुरावा न देण्याची स्पष्ट अट असावी किंवा परिस्थितीवरून तसे अनुमान काढता यावे, एवढेच कलमास अपेक्षित आहे. अर्थात, निव्वळ मागणीच्या पत्रावर हे शब्द लिहिल्याने ते पत्र संरक्षित होत नाही.

हक्क राखून ठेवणे :
मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ११३ मधील उदाहरणानुसार, जागा सोडण्याच्या नोटिशीची मुदत संपल्यावर मालकाने त्यानंतरचे भाडे स्वीकारल्यास ती नोटीस सोडून दिली असे मानले जाते. म्हणून भाडे स्वीकारताना मालक ‘नोटिशीस बाध न येता’ असे नमूद करतो. त्यातून नोटीस सोडण्याचा त्याचा उद्देश नव्हता, हे दिसून येते.

कायद्याच्या कलमांतील उपयोग :
अनेक अधिनियमांत नियम करण्याचा सर्वसाधारण अधिकार आधी देऊन, ‘त्याच्या सर्वसाधारणतेस बाध न येता’ पुढे विशिष्ट विषयांची यादी दिलेली असते. ही यादी अधिकाराची मर्यादा ठरते काय? भारत संरक्षण नियमावलीतील नियम २६ खाली स्थानबद्ध केलेल्या केशव तळपदे यांच्या प्रकरणात (१९४३) फेडरल कोर्टाने हा नियम यादीतील कलमाच्या बाहेर जातो म्हणून अवैध ठरविला. ‘शिवनाथ बॅनर्जी’ प्रकरणात (१९४५) प्रिव्ही कौन्सिलने हे मत अमान्य केले. यादी केवळ उदाहरणादाखल असून मूळ अधिकार तिने संकुचित होत नाही, असा तो निर्णय होता. माणसाचे स्वातंत्र्य या शब्दांच्या अन्वयार्थावर अवलंबून होते, हे येथे लक्षात घ्यावे लागते.

अमेरिकेतील न्यायालयीन परिभाषेत ‘विदाउट प्रेज्युडिस’ काढून टाकलेला दावा पुन्हा दाखल करता येतो. ‘विथ प्रेज्युडिस’ काढलेला दावा मात्र पुन्हा दाखल करता येत नाही.

निष्कर्ष :
‘एक कृती केल्याने दुसरा हक्क गमावला जाऊ नये’ हे या सर्व उपयोगांतील समान सूत्र आहे. तथापि, संरक्षण शब्दांमुळे नव्हे, तर व्यवहाराच्या स्वरूपामुळे मिळते. म्हणून हे शब्द लिहिणाऱ्याने कोणता हक्क राखावयाचा आहे, हे त्याच वाक्यात सुस्पष्ट नमूद करणे अधिक हितावह ठरेल.